पंटर

डोंबिवलीत आमच्या गल्लीच्या तोंडाशी पानाची टपरी होती आणि टपरीसमोर कायम तीन-चार पोरं उभी असायची. त्यांना सगळे पंटर म्हणायचे. भाई क्वचित दिसायचा, पंटर मात्र चोवीस तास हजर. भाईची गाडी पुसायची, सिगरेट आणायची, वर्गणीच्या वेळी मागे उभं राहून नुसतं रोखून बघायचं, एवढंच काम. 'अरे तो काय, पंटर आहे' असं कुणी म्हटलं की त्या माणसाची किंमत तिथेच ठरून जायची.

त्यामुळे २००३च्या जानेवारीत, न्यू जर्सीतल्या एका दिवाणखान्यात, टीव्हीवरचा अमेरिकन फुटबॉलचा समालोचक एका धिप्पाड खेळाडूला 'पंटर' म्हणाला तेव्हा मला हसू फुटलं. मी येऊन जेमतेम आठवडा झाला होता. शेजारचे गृहस्थ पोस्टातून निवृत्त झालेले, एकटे राहायचे. जिन्यात भेटले, म्हणाले, रविवारी सामना आहे, ये. मनातल्या मनात मी त्यांना आजोबाच म्हणायला लागलो. तोंडावर मात्र इथल्या रीतीप्रमाणे नुसतं नाव. सत्तरीच्या माणसाला बिनदिक्कत नावाने हाक मारताना पहिली दोन वर्षं माझी जीभ अडखळायची.

त्या दिवशी ५ जानेवारी होती. आमच्या न्यू जर्सीत खेळणारा न्यू यॉर्क जायंट्स हा संघ सॅन फ्रान्सिस्कोविरुद्ध बाद फेरीत ३८-१४ असा पुढे होता आणि बघता बघता ३९-३८ असा मागे पडला. शेवटची सहा सेकंदं उरली असताना लाथेने तीन गुण मिळवून सामना खिशात घालायची संधी आली. त्यासाठी एकाने चेंडू पायांमधून मागे फेकायचा, दुसऱ्याने गुडघ्यावर बसून तो झेलायचा आणि जमिनीवर टेकवून धरायचा, तिसऱ्याने लाथ मारायची. फेकणारा होता ट्रे जंकिन. वय ४१, निवृत्तीतून त्याच आठवड्यात बोलावून आणलेला. त्याची फेक खाली गेली. धरायला बसला होता मॅट ॲलन, म्हणजे संघाचा पंटर. तो चेंडू उचलून धावत सुटला, कसाबसा पुढे भिरकावला आणि सगळं संपलं.

मला काहीच कळलं नव्हतं. आजोबा बराच वेळ गप्प होते. मग म्हणाले, "पाच जानेवारी." आणि त्यांनी मला शॉन लँडेटाची गोष्ट सांगितली.

१९८६ सालची हीच तारीख. शिकागोचं सोल्जर फील्ड, तळ्यावरून येणारा बोचरा वारा. जायंट्सचा पंटर लँडेटा आपल्या गोलरेषेजवळ उभा. चेंडू आला, त्याने तो लाथेसाठी हातातून सोडला आणि वाऱ्याने तेवढ्यात चेंडू सरकवला. पाय हवेतच फिरला. चेंडूला जेमतेम बोटं लागली असतील. शिकागोच्या शॉन गेलने तो उचलला आणि पाच यार्ड चालत जावं तसा जाऊन गुण घेतले. जायंट्स २१-० हरले. हे सांगताना आजोबा उठून उभे राहिले होते आणि गालिच्यावर रिकामा पाय हवेत फिरवून दाखवत होते. सतरा वर्षांपूर्वीची चूक त्यांना पायातून आठवत होती.

लँडेटाबद्दल लोकांना एवढंच आठवतं. तोच माणूस त्यानंतर वीस हंगाम खेळला, जायंट्सबरोबर दोनदा सुपर बोल, म्हणजे अजिंक्यपदाचा अंतिम सामना, जिंकला, ऐंशीच्या आणि नव्वदच्या अशा दोन्ही दशकांच्या सर्वोत्तम संघांत निवडला गेला. हे मला आजोबांनी नाही सांगितलं. ते मी नंतर वाचलं.

ज्यांना हा खेळ माहीत नाही त्यांच्यासाठी थोडक्यात. चेंडू ज्या संघाकडे असतो त्याला दहा यार्ड पुढे सरकायला चार संधी मिळतात, त्यांना डाउन म्हणतात. तीन संधींत जमलं नाही तर चौथ्या वेळी बहुतेक संघ हार कबूल करतात. चेंडू इथेच प्रतिस्पर्ध्याच्या हाती गेला तर तो दारातच येऊन बसेल, म्हणून लाथ मारून त्याला जमेल तितका लांब धाडायचा. ही लाथ म्हणजे पंट. ती मारणारा तो पंटर. म्हणजे कोट्यवधी डॉलर घेणारे सगळे थकले, फसले, शिव्या देत मैदानाबाहेर आले की बाकावरून एक स्वच्छ कपड्यांचा माणूस उठतो आणि आत जातो. त्याचं मैदानावर येणं हीच वाईट बातमी असते. प्रेक्षकांपुरतं बोलायचं तर ही फ्रिजकडे जायची वेळ. आजोबांच्या घरात ठरलेलं होतं: पंट आला की बिअर.

२००३मध्येच जायंट्सने नवा पंटर आणला. नवा कसला, ३७ वर्षांचा. जेफ फीगल्स.

मी फुटबॉल शिकलो तो या माणसाकडे बघत. कारण अगदी साधं आहे. बाकीच्या वेळी मैदानावर बावीस माणसं एकमेकांवर आदळत असतात आणि नेमकं काय बघावं ते नवख्याला कळत नाही. पंटच्या वेळी एक माणूस एकटा, बाकीच्यांच्या चौदा-पंधरा यार्ड मागे उभा असतो. कॅमेराही त्याच्यावर असतो. तेवढ्या दोन सेकंदांत काय चाललंय ते मला दिसायचं.

खरोखर दोनच सेकंदं. चेंडू मागे फेकला गेल्यापासून त्याच्या हातात पोचायला पाऊण सेकंद, आणि तो पायावरून सुटेपर्यंत सगळा हिशेब दोन सेकंदांच्या किंचित पुढे. जास्त वेळ घेतला तर समोरून येणारे आठ-दहा जण अंगावर. एवढ्यात चेंडू झेलायचा, शिवण वर येईल असा हातात फिरवायचा, दोन पावलं टाकायची आणि सोडायचा. सगळी विद्या या सोडण्यात आहे. बघणाऱ्याला लाथ दिसते, पण पंटर लोक एकमेकांत बोलतात ते सोडण्याबद्दल, त्यांच्या भाषेत ड्रॉप. चेंडू लांबुळका, दोन्हीकडे टोकं. हातातून सुटताना टोक जरा जरी वरखाली झालं तरी पायाचा वरचा कडक भाग त्याला नीट भेटत नाही, आणि चेंडू मग गिरकी न घेता लटपटत जातो. लँडेटाचं त्या दिवशी जे बिनसलं ते एवढ्याशा, हात ते पाय या अंतरात.

नीट बसलेली लाथ आणखी वेगळी. चेंडू स्वतःभोवती फिरत चढतो, शिखरावर क्षणभर आडवा होतो, मग नाक खाली करून उतरायला लागतो. साडेचार सेकंद हवेत राहिला तर उत्तम, पाचला टेकला तर लोक त्याबद्दल बोलतात. हवेतल्या या वेळाला एवढं महत्त्व का, तर नियमाने लाथ बसेपर्यंत पंटरच्या संघातल्या फक्त दोन कडेच्या माणसांना पुढे धावत सुटता येतं. बाकीच्यांनी जागेवर राहून त्याचं रक्षण करायचं. म्हणून चेंडू नुसता लांब गेला आणि वेळेआधी उतरला, तर तो झेलणाऱ्याला समोर मोकळं मैदान मिळतं. आपल्याच ताकदीने आपलं नुकसान होतं.

आणि लाथ फार चांगली बसूनही चालत नाही. चेंडू प्रतिस्पर्ध्याच्या गोलरेषेपलीकडे गेला तर तो त्यांना वीस यार्डांवर आणून फुकट दिला जातो. म्हणून पाच-सहा यार्डांवर पडावा, टप्पा घेऊन कडेच्या रेषेबाहेर जावा, अशी लाथ मारायची. मैदानाच्या त्या कोपऱ्याला 'कॉफिन कॉर्नर' म्हणतात, शवपेटीचा कोपरा. अशुभ नाव आहे, पण तिथे अडकलेल्या संघाला नेमकं तसंच वाटत असणार. फीगल्सचं नाव झालं ते या कोपऱ्यामुळे. त्याची कारकिर्दीची सरासरी ४१.६ यार्ड. त्याच काळातला शेन लेकलर ४७.६ची सरासरी ठेवून गेला. नुसता आकडा बघितला तर फीगल्स मध्यम प्रतीचा ठरतो. पण सरासरी मोजते किती लांब गेला ते. फीगल्स चेंडू मुद्दाम कडेला मारायचा, झेलणाऱ्याच्या एका बाजूला रेषा आणि दुसऱ्या बाजूला धावत येणारी माणसं ठेवायचा, वेळ पडली तर सरळ बाहेर घालवायचा. धावायला जागाच नाही, मग धावणार कुठे? जे घडलंच नाही त्याचा रकाना कुठल्याच तक्त्यात नसतो. प्रतिस्पर्ध्याला वीस यार्डांच्या आत कोंडलेल्या लाथा तेवढ्या १९७६पासून मोजल्या जातात, आणि त्यात तो ५५४ लाथांनिशी सगळ्यांच्या वर होता.

त्याची सुरुवात काही झगमगाटाची नव्हती. वाढला ॲरिझोनात, फिनिक्सला. आधी एका कम्युनिटी कॉलेजात, मग मायामी विद्यापीठात, तिथल्या १९८७च्या राष्ट्रीय विजेत्या संघात. तरी व्यावसायिक संघांच्या वार्षिक निवडीत त्याला कुणी उचललं नाही. १९८८मध्ये न्यू इंग्लंड पेट्रियट्सने असाच घेतला. दोन हंगामांनी सोडलं. मग फिलाडेल्फिया, मग ॲरिझोना, मग सिॲटल, मग आमच्याकडे. पंटरचं आयुष्य असंच असतं. प्रत्येक संघात एकच जागा, राखीव कुणी नाही, त्यामुळे एका आठवड्यात बिनसलं की मंगळवारी चार अनोळखी पोरं मैदानावर लाथा मारून दाखवायला उभी असतात. अशा धंद्यात हा गृहस्थ २२ हंगाम राहिला. हंगामाचे सोळा सामने, बावीस सोळे ३५२, आणि तो खेळला बरोबर ३५२. एकही चुकला नाही.

लाथा १,७१३. अंतर ७१,२११ यार्ड, म्हणजे सुमारे ६५ किलोमीटर. व्हीटीहून चेंडू उडवत निघालं तर डोंबिवली, अंबरनाथ मागे टाकून बदलापूरच्या अलीकडे पोचेल. एका रात्री कामावर बसल्या बसल्या मी दुसराही हिशेब केला होता. पाय आणि चेंडू यांचा स्पर्श सेकंदाच्या साधारण शंभराव्या भागाचा असतो. म्हणजे २२ वर्षांत त्या पायाने चेंडूला जो काही हात लावला, पाय लावला म्हणा, तो सगळा मिळून पंधरा-वीस सेकंदांचा. बाकी सगळी वाट बघणं.

फीगल्सची न्यू जर्सीत जी गोष्ट सगळ्यांना पाठ आहे ती लाथेची नाहीच, अंगरख्याच्या आकड्याची आहे. २००४ला ईलाय मॅनिंग संघात आला, त्या वर्षीच्या निवडीत पहिल्या क्रमांकावर उचललेला, संघाचा भावी राजा. त्याला १० हा आकडा हवा होता, आणि तो फीगल्सच्या पाठीवर. फीगल्सने दिला, बदल्यात कुटुंबासकट फ्लोरिडाची सुट्टी पदरात पाडून घेतली. स्वतः १७ घेतला. पुढच्याच वर्षी प्लॅक्सिको बरेस आला, त्याला १७ हवा. फीगल्सने तोही दिला, किंमत ठरली घराबाहेर बांधायचं स्वयंपाकघर. मग १८. आमच्या टपरीवरच्या पंटरांना ही अक्कल असती तर आज त्यांचे बंगले असते.

२००६च्या ऑक्टोबरात आई इकडे आली होती. सामना बघत बसली, तिला त्यातलं ओ का ठो कळत नव्हतं, आणि कुणी आदळलं की ती 'अग्गो बाई' करायची. तेवढ्यात फीगल्स आला, लाथ मारली, शांतपणे परत गेला. आई म्हणाली, "हा एकटाच शहाणा दिसतोय. कपडेसुद्धा मळले नाहीत बघ." मी हसलो, पण तो शहाणपणा पूर्णपणे खरा नाही. लाथ मारताना माणसाचा एक पाय डोक्याच्या उंचीला असतो आणि दुसऱ्या पायावर सगळा भार, त्या क्षणी तो स्वतःला वाचवू शकत नाही. २०२३च्या डिसेंबरात टेनेसीच्या रायन स्टोनहाउसची लाथ इंडियानापोलिसच्या खेळाडूंनी अडवली आणि त्या धडकेत पाय जायबंदी होऊन त्याचा हंगाम तिथे संपला. आदल्याच वर्षी याने ५३.१ यार्डांची सरासरी ठेवून सॅमी बॉचा १९४० सालचा विक्रम मोडला होता. पुढे काय झालं तेही ऐका. गुणांसाठीच्या लाथेला चेंडू जमिनीवर धरायचं काम पंटरकडेच असतं. त्या दिवशी ऐनवेळी दुसऱ्याला धरायला बसवलं, एका गुणाची अगदी सोपी लाथ हुकली, सामना बरोबरीत राहिला आणि जादा वेळेत हातचा गेला. लाथ मारणाऱ्याच्या नावावर चूक लागली. धरणारा का बदलला, हे त्या रकान्यात येत नाही.

फीगल्सच्या धरण्याचा दिवस आला २० जानेवारी २००८ला. ग्रीन बे, विस्कॉन्सिन, तापमान उणे एक फॅरनहाइट, आपल्या मापाने उणे अठरा. अशा थंडीत चेंडू दगड होतो. जायंट्सच्या लॉरेन्स टाइन्सने चौथ्या सत्रात दोनदा हुकवलं होतं. जादा वेळेत ४७ यार्डांवरून तिसरी संधी. चेंडू आला, ४१ वर्षांच्या माणसाने उघड्या बोटांनी तो पकडला, टेकवला, फिरवला, टाइन्सने मारला. गेला आत. टीव्हीवर टाइन्स धावत सुटलेला दिसला आणि त्या रात्रीपासून आजपर्यंत तोच दिसतो. आजोबा मात्र पडद्याकडे बोट दाखवून म्हणाले, "ती बोटं बघ." जंकिनच्या फेकीला पाच वर्षं आणि पंधरा दिवस झाले होते.

दोन आठवड्यांनी सुपर बोल. फीगल्सचा विसावा हंगाम आणि पहिलाच सुपर बोल. तोही ॲरिझोनात, जिथे तो वाढला तिथे. समोर कोण, तर न्यू इंग्लंड, ज्यांनी वीस वर्षांपूर्वी त्याला पहिली नोकरी दिली आणि दोन वर्षांत काढली. ते तोवर १८ पैकी १८ सामने जिंकून आलेले. जायंट्स १७-१४ जिंकले. अशी जुळणी कुणी कथेत केली असती तर संपादकाने परत पाठवली असती.

आता जरा मागे जातो, कारण पंटरांमधल्या देवमाणसाचं नाव घेतल्याशिवाय हे पुढे नेता येत नाही. रे गाय. जॉर्जियाच्या थॉमसन गावात वाढलेला. १९७३मध्ये ओकलंड रेडर्सने त्याला निवडीच्या पहिल्या फेरीत घेतलं. पंटरला पहिली फेरी, हे तोवर कुणी केलं नव्हतं. लोकांनी वेड्यात काढलं. १९७६मध्ये न्यू ऑर्लिन्सच्या सुपरडोममध्ये त्याने छताखाली टांगलेल्या पडद्यावर चेंडू मारला. १९७७मध्ये ह्यूस्टनच्या लोकांना इतका संशय आला की त्यांनी त्याच्या सामन्यातला चेंडू ताब्यात घेऊन राइस विद्यापीठात तपासायला पाठवायचं ठरवलं, आत हीलियम भरलाय का म्हणून. चौदा हंगाम, २०७ सामने सलग, तीन सुपर बोल. आणि कँटनच्या सन्माननीय खेळाडूंच्या दालनात प्रवेश कधी? २०१४ला. निवृत्तीनंतर २८ वर्षांनी. तोपर्यंत त्या दालनात निव्वळ पंटर म्हणून एकही माणूस नव्हता. मधल्या काळात कर्जापायी २०११मध्ये त्याच्या तिन्ही सुपर बोलच्या अंगठ्या लिलावात गेल्या. २०२२मध्ये तो वारला. फीगल्स त्या दालनात अजूनही नाही.

ऑस्ट्रेलियन मंडळींचा वेगळा अध्याय आहे. तिथल्या फुटबॉलमध्ये लहानपणापासून धावता धावता हातातून सोडून लाथ मारावी लागते, म्हणून ते या कामाला जन्मतः तयार असतात. डॅरन बेनेट १९९५ला सॅन डिएगोकडून आला. सॅव्ह रोका ३३व्या वर्षी फिलाडेल्फियात 'नवखा' म्हणून रुजू झाला. आता तर मेलबर्नला या एकाच कामाची शाळा आहे. त्यांच्या उलट्या गिरकीच्या लाथेने सगळा खेळ बदलला म्हणतात. खरं असेल. मला ती बघायला आवडत नाही. चेंडू मागे वळून बघत गेल्यासारखा वाटतो.

एवढ्यात हिशेब करणारेही आले. बर्कलीचे अर्थशास्त्रज्ञ डेव्हिड रोमर यांनी २००६मध्ये निबंध छापला, की संघ गरजेपेक्षा फार जास्त पंट करतात. चौथी संधीही खेळून बघणं बऱ्याचदा फायद्याचं असतं. प्रशिक्षक तसं करत नाहीत, कारण पंट करून हरलं तर कुणी बोल लावत नाही. सुरुवातीला सगळे हसले. आता संघ खरोखर चौथ्या डाउनला खेळू लागले आहेत. मला गणित पटतं. तरीही चौथ्या डाउनला घोषणा झाली, पंटर आपली टोपी काढून अर्धा उठला आणि प्रशिक्षकाने हाताने 'बस' अशी खूण केली, की माझ्या पोटात कालवतं. मी स्वतः तसल्याच कामात आहे.

मी रात्रीची बॅच सांभाळतो. एका बँकेसाठी. दिवसभराचे व्यवहार रात्री यंत्रांवर ओळीने चालवायचे, व्याज लावायचं, सकाळी सहाच्या आत सगळं जागच्या जागी. ते झालं की सकाळी कुणी म्हणत नाही, वा, आज खात्यात बरोबर पैसे आहेत. एकदा, फार वर्षं झाली, मी आदल्या दिवशीची फाइल पुन्हा चालवली. हजारो खात्यांवर दुप्पट व्याज. पहाटे चारला फोनवर चाळीस माणसं जमली होती, त्यातल्या निम्म्यांना माझं नाव तेव्हा पहिल्यांदा कळलं. दुपारपर्यंत सगळं सरळ झालं. त्या आधीच्या अकराशे-बाराशे रात्रींचा विषय त्या फोनवर निघाला नाही, निघायचं कारणही नव्हतं. घरी आलो तर बायको म्हणाली, "अरे, जेवलास का?" एवढंच. ते मला पुरलं.

फीगल्स २०१०च्या एप्रिलमध्ये निवृत्त झाला. त्याच्या जागी आला मॅट डॉज, विद्यापीठातून निवडीच्या सातव्या, म्हणजे शेवटच्या फेरीत घेतलेला पोरगा. आणि मग १९ डिसेंबर.

नव्या स्टेडियममधला पहिलाच हंगाम. समोर फिलाडेल्फिया. शेवटची आठ मिनिटं उरली तेव्हा जायंट्स ३१-१० पुढे होते. ती आठ मिनिटं संपता संपता ३१-३१. चौदा सेकंद शिल्लक, चौथं डाउन, पंट. समोर झेलायला डिशॉन जॅक्सन, त्या वेळचा सगळ्यात वेगवान माणूस. प्रशिक्षक टॉम कॉफ्लिनने डॉजला स्पष्ट सांगितलं होतं, चेंडू बाहेर घालव. मैदानाबाहेर. बाकी काही नको, जादा वेळेत बघू.

फेक उंच आली. डॉजने उडी मारून ती घेतली, पावलं चुकली, आणि लाथ सरळ मैदानाच्या मधे गेली. जॅक्सनच्या हातातून चेंडू निसटलासुद्धा. त्याने तो उचलला, दोन पावलं मागे गेला आणि मग ६५ यार्ड. गोलरेषेपाशी पोचल्यावर वेळ संपावा म्हणून रेषेला समांतर धावला आणि मग आत गेला. शेवटच्या चेंडूवर पंट परतवून सामना जिंकला गेल्याची या लीगच्या इतिहासातली पहिली वेळ. कॉफ्लिन मैदानात धावत गेले आणि सगळ्या देशासमोर त्या पोरावर ओरडले.

चेंडू मुद्दाम बाहेर घालवण्याची कला भूतलावर ज्याच्याइतकी कुणालाच येत नव्हती, तो माणूस आठ महिन्यांपूर्वीपर्यंत याच जागेवर उभा होता. त्याने ते सातशे वेळा केलं असेल की हजार वेळा, कुणी मोजलं नाही. आम्ही तेव्हा फ्रिजसमोर होतो. खरं सांगतो, मी त्या वेळीही उठलो होतो. आजोबांची बिअर हातात घेऊन दाराशी आलो तेव्हा जॅक्सन रेषेवरून आडवा धावत होता, आणि आजोबा ओरडले नाहीत, शिवी दिली नाही. नुसते माझ्या हातातल्या बाटलीकडे बघत राहिले.

मला डॉजचा चेहरा आठवतो. कॉफ्लिन बोलत होते आणि तो मान हलवत होता. चाळीस माणसांच्या फोनवर मी तशीच मान हलवली होती, फोनवर दिसत नसूनही.

पुढच्या हंगामाला डॉज संघात नव्हता. स्टीव्ह वेदरफर्ड आला, शेजारच्याच जेट्स संघातून. आणि आजोबांच्या घरातला नियम बदलला. पंट पडेपर्यंत कुणी उठायचं नाही. त्यांनी तसं कधी सांगितलं नाही. चौथं डाउन आलं की ते खुर्चीचे दोन्ही हात धरून बसायचे, म्हणून मीही बसायचो.

५ फेब्रुवारी २०१२, इंडियानापोलिस, सुपर बोल, समोर पुन्हा न्यू इंग्लंड. जायंट्सचा पहिलाच डाव फसला आणि वेदरफर्ड आत आला. आजोबांची तब्येत त्या हिवाळ्यात बरी नव्हती, अंगावर रग होता, तरी हात रगाबाहेर काढून त्यांनी खुर्ची धरली. चेंडू उंच चढला, आडवा झाला, उतरला, आणि सहा यार्डांवर आमच्या माणसांनी तो थोपवला. कोपऱ्यात. पुढच्याच चेंडूला न्यू इंग्लंडचा टॉम ब्रेडी स्वतःच्या गोलरेषेमागे उभा राहून घाईत मोकळ्या जागेत चेंडू फेकून बसला. नियमभंग, दोन गुण जायंट्सना. सामन्याचे पहिले गुण.

मग टीव्हीवर ते दृश्य पुन्हा दाखवलं. बाजूने, समोरून, वरून, सावकाश. ब्रेडीची फेक, पंचांचे हात, ब्रेडीचा चेहरा. तीनदा, चारदा.

"पंट दाखवतील आता," मी म्हणालो.

आजोबांनी रग बाजूला केला. "नाही दाखवणार," म्हणाले, आणि उठून फ्रिजकडे गेले.